ग्रीक नटाने नेलेला बाप

एका ग्रीक म्हाताऱ्याने मला फसवलं. पैशात नाही. पैशात मला फसवणारा माणूस अजून बहारीनच्या विमानतळावर उतरायचा आहे. त्याने माझा बाप नेला. अरादच्या किल्ल्यापाशी समुद्राकडे तोंड करून मी त्याला माझा बाप सांगितला, आणि त्याने तो धुऊन, इस्त्री करून चारचौघांत स्वतःचा म्हणून उभा केला. बदल्यात त्याने त्याचा बाप द्यायचा ठरला होता, तो दिला नाही. याला आमच्या धंद्यात सौदा मोडणं म्हणतात.

धंदा म्हणजे जुन्या फर्निचरचा. इथल्या झिंज भागात माझं दुकान आहे. आलो तेव्हा दुसऱ्याच्या हाताखाली सुतार होतो. आता माझ्या हाताखाली सुतार आहेत. उन्हाळ्यात शाळा सुटल्या की इथली परदेशी कुटुंबं कायमची परत जायला निघतात. त्यांच्याकडून सामान घ्यायचं, थंडीच्या तोंडावर नवीन येणाऱ्यांना विकायचं. जाणाऱ्याला घाई असते, येणाऱ्याला गरज असते आणि मला दोन्ही कळतं. कपाट घेताना मी आधी खण बाहेर काढतो आणि उलटा करून बघतो. वरचं पॉलिश वाटेल ते बोलतं, खालचं लाकूड खरं बोलतं. माणसांच्या बाबतीतही मी तसंच करत आलो. याच्या बाबतीत खण उलटा करायला उशीर झाला.

पहिल्यांदा आला तो ऑगस्टमध्ये. बाहेर अंगाला पाणी सुटावं अशी दमट हवा आणि याच्या अंगात लोकरीचा कोट. ऐंशीच्या आसपासचा, उंच, पांढऱ्या भुवया कपाळावर चढलेल्या, कोटाच्या वरच्या खिशात घडी घातलेला पांढरा नॅपकिन. एका चामड्याच्या आरामखुर्चीत बसला. भाव विचारला नाही, लाकूड ठोकून बघितलं नाही. डोळे मिटले. मी म्हटलं, बसू दे, बाहेर गरम आहे. थोड्या वेळाने त्याची मान एका बाजूला कलली. तोंड जरासं उघडं पडलं. एक हात हळूहळू घरंगळला आणि खुर्चीच्या हातावर अडकून राहिला.

मी हाक मारली, उत्तर नाही. खांदा हलवला, तो नुसता हलला. माझ्या डोक्यात पोलीस, अँब्युलन्स, दुकानाचं लायसन्स असं सगळं एकदम फिरायला लागलं.  पाण्याची बाटली त्याच्या तोंडावर उपडी करणार, तेवढ्यात त्याने एक डोळा उघडला आणि इंग्रजीत म्हणाला, "या खुर्चीत मरता येत नाही. हात फार रुंद आहे. माणूस मेल्यावर हात लटकायला हवा, तो इथे अडकतो. भाव कमी कर."

भाव पाडायला लोक काय काय कारणं काढतात ते मी सगळं ऐकलंय. चामडं सुकलंय, पाय हलतो, बायकोला रंग आवडणार नाही. पण भावासाठी मरून दाखवणारा हा पहिलाच. मी असा भडकलो की दुकानातली पोरं मागच्या खोलीत गेली. तो शांतपणे ऐकून घेत होता. माझं संपल्यावर म्हणाला, "राग चांगला आहे. फक्त लवकर आला." आणि खरं सांगायचं तर त्या खुर्चीचा भाव मी कमी केला. का केला ते मला आजही सांगता येत नाही, आणि ज्या गोष्टीचं कारण सांगता येत नाही तिच्यात कोणाचा तरी हात असतो.

तो सिनेमातला नट होता. आणि सिनेमे लिहायचाही. असं तो म्हणायचा. नायक कधीच नव्हता. नायकाचा मोठा भाऊ, नायकाचा मित्र, खलनायकाचा हिशेबनीस अशी कामं. आणि जवळजवळ प्रत्येक सिनेमात तो मध्यंतराच्या आधी मरायचा. कथा लिहिणारा तोच, म्हणजे स्वतःला मारणाराही तोच.

"असं का?" मी विचारलं होतं.

"धंदा," तो म्हणाला. "जिवंत राहिलो असतो तर नायकाच्या मागे उभा राहिलो असतो. मेलो की उरलेला सगळा सिनेमा लोक माझ्याबद्दल बोलतात. आई रडते, भाऊ सूड घेतो, मुलगी कबरीवर येते. मी घरी झोपलेला असतो आणि तिकडे माझं काम चालू."

हे ऐकून मी मनातल्या मनात त्याला सलाम केला आणि त्याच क्षणी सावधही झालो. दुसऱ्याच्या अश्रूंवर स्वतःचं काम चालवणारा माणूस.

पुढे त्यांच्याकडे टीव्ही आला. नाक्यानाक्यावरची थिएटरं बंद पडली. तो मालिका लिहायला लागला. मालिकेत मेलं तर दुसऱ्या दिवसापासून काम बंद, म्हणून तिथे तो फक्त लिहायचा. मग त्यासाठीही बोलावणं येईनासं झालं. बायको वारली. मुलगी इथल्या एका हॉटेलात मोठ्या हुद्द्यावर होती, तिने त्याला बहारीनला आणलं. ती दिवसभर कामावर, आणि हा माझ्या दुकानात.

मी विश्वास ठेवला असेल असं समजू नका. मी त्याला म्हटलं, सिनेमा दाखवा. त्याने फोनवर एक तुकडा दाखवला. काळापांढरा, होडीत एक तरणा माणूस छातीवर हात दाबून मरतोय. मी तो तुकडा थांबवला आणि फोन त्याच्या डोक्याजवळ धरला.

"काय करतोस?"

"कान बघतोय. केस जातात, दात जातात, कान बदलत नाही."

कान तोच होता. वरच्या कडेला चिमटा घेतल्यासारखी खाच, दोन्हीकडे सारखी. तो इतका खूष झाला की मला मिठी मारायला आला. म्हणाला, "समीक्षकांनी कधी एवढं बारकाईनं बघितलं नाही." मला मात्र बरं वाटलं नाही. खरा निघालेला माणूस जास्त धोक्याचा. खोटा असला तर आपण त्याला हाकलतो.

त्याच्या सवयी सांगतो. चहा प्यायच्या आधी कपाचा कान स्वतःकडून पलीकडे फिरवायचा आणि कप तळहातात धरायचा. फोन ठेवताना कधी 'बाय' म्हणायचा नाही. म्हणायचा, सिनेमात कोणी म्हणत नाही, वेळ जातो. दुकानात गिऱ्हाईक आलं की कपाटाआड जाऊन उभा राहायचा आणि ते गेल्यावर बाहेर येऊन त्या माणसाचं चालणं, नाक ओढणं, बायकोकडे न बघता तिला विचारणं, सगळं जसंच्या तसं करून दाखवायचा. आम्ही हसून हसून लोळायचो. माझ्यामागे तो माझंही करून दाखवतो हे मला फार उशिरा कळलं.

आणि मराठीतला एकच शब्द तो शिकला होता. माझी बायको दोडामार्गच्या बहिणीशी फोनवर बोलते तेव्हा तिचं निम्मं बोलणं 'मगे?' असतं. मगे म्हणजे मग. हे त्याने उचललं. तुम्ही काहीही सांगा, तो भुवया वर नेऊन विचारणार, "मगे?" तुम्ही आणखी थोडं सांगता. "मगे?" आणखी थोडं. विहिरीत दोर सोडल्यासारखा तो शब्द सोडायचा आणि बादली भरून वर यायची.

बायकोला तो आवडायचा. काका म्हणायची ती त्याला. घावणे आणि सोलकढी नेऊन द्यायची. मी म्हणायचो, "कोणाक घरात घेतस, कळता काय तुका?"

ती म्हणायची, "म्हातारो माणूस तो. तुमका सगळ्यांचो संशय. उद्या सूर्य उगवलो तरी विचारशात, कित्या उगवलो?"

धंद्यात त्याने माझा फायदा करून दिला, ते लपवत नाही. एकदा बुदैयाच्या एका व्हिलात शिसवी डायनिंग टेबल बघायला गेलो, तो बरोबर होता. मी दारातच आवाज चढवला, टेबलाला नावं ठेवली, मालकीणबाई दुखावल्या आणि टेबल दुसऱ्याला गेलं. परतताना पिकअपमध्ये तो म्हणाला, "तू पहिल्या पानावर सुरी दाखवतोस. मग शेवटी दाखवायला काय उरतं? राग पाऊण गोष्ट झाल्यावर." पुढच्या घरी मी तसंच केलं. चहा घेतला, मुलांची चौकशी केली, टेबलाची तारीफ केली, भावावर मान डोलावली, आणि माणसं टेबल उचलायला वाकली तेव्हा खालच्या बाजूची चीर दाखवून भडकलो. काम झालं. तेव्हापासून मी तसाच भडकतो. पण फुकटात शिकवणारा माणूस मी आयुष्यात दुसरा बघितलेला नाही, आणि फुकट मिळालेल्या लाकडाला वाळवी असते. मी त्याच्या हातांवर नजर ठेवून होतो. कागद नाही, पेन नाही, फोनवर रेकॉर्डिंग नाही. म्हणून मी निर्धास्त झालो. तो सगळं काम कानांनी करत होता.

आता तो दिवस. माझ्या वडिलांचं श्राद्ध होतं. बायकोने केळीच्या पानावर वाढलं. म्हाताराही जेवायला होता. एक पान बाजूला बिनमाणसाचं वाढलेलं बघून त्याने विचारलं, हे कोणाचं? मी सांगितलं. त्याने वडिलांचं नाव विचारलं. नीट उच्चारता येईपर्यंत पुन्हा पुन्हा म्हणत राहिला. संध्याकाळी फिरायला म्हणून मी त्याला अरादला नेलं. किल्ल्याच्या बाजूला समुद्र ओसरला होता, पोरं सायकली चालवत होती, बाया चटया टाकून बसल्या होत्या. तो बाकावर बसला आणि म्हणाला, "तुझा बाप सांग."

मी म्हटलं, "मी फुकट काही देत नाही. तुम्ही तुमचा सांगा."

"ठीक. बापाला बाप. आधी तू."

"आधी तुम्ही."

"मी म्हातारा आहे. अर्ध्यात मेलो तर तुझं नुकसान. तू आधी सांग."

हसलो मी. हसलो तिथे हरलो. आयुष्यात पहिल्यांदा समोरचा माल हातात पडायच्या आधी माझा माल दिला.

माझे वडील दशावतारी. कोकणातल्या गावोगावच्या जत्रांत देवळासमोर नाटक करणारी मंडळी. सगळे पुरुष. वडील स्त्रीपार्टी करायचे, म्हणजे राण्यांची कामं. रंगमंचावर एक बाकडं, बाजूला पेटी आणि पखवाज, बाकी काही नाही. आणि लिहिलेलं एक अक्षर नाही. कथा सगळ्यांना ठाऊक, बोलणं ज्याचं त्याने उभ्या उभ्या करायचं. हे ऐकून म्हातारा ताठ बसला. "लिहिलेलं नाही? मग चांगलं वाक्य कोणाच्या मालकीचं?" मी छाती फुगवून सांगितलं, कोणाच्याच नाही. आज एकाने टाकलेलं वाक्य उद्या दुसऱ्या कंपनीतला दुसरा माणूस टाकतो. आमच्यात त्याला चोरी म्हणत नाहीत. कुठून बुद्धी झाली मला हे सांगायची!

"मगे?"

मग हे. जत्रांचे महिने वडील घरी नसायचेच. एकदा आमच्याच गावची जत्रा होती, म्हणून सकाळी घरी आले. आईचं आणि त्यांचं चुलीपाशी वाजलं. आई म्हणाली, "तुमी गावाचे राजे, घराचे पावणे." वडील काही न बोलता बाहेर पडले. जत्रेत त्यांचं काम होतं टाकलेल्या राणीचं. राजा बऱ्याच काळाने तिच्या दारात येतो. अंगावर आईचाच लग्नातला शालू. राजा बोलला, राणी वळली, आणि वडिलांच्या तोंडून निघालं, "महाराज, आपण जगाचे राजे, या घराचे मात्र पाहुणे."

लोकांनी टाळ्यांचा पाऊस पाडला. आणि बायकांच्या घोळक्यातून माझी आई उभी राहिली. "ह्यां माझां! सकाळी चुलीकडे मी बोललंय ह्यां! तेवा जबाब देवक नाय. आता द्या!"

पेटी थांबली.  शब्दाला शब्द देण्यात ज्याचा हात कोणी धरला नव्हता, त्या माझ्या बापाला एक अक्षर सुचलं नाही. मग तो शालू सावरत रंगमंचावरून खाली उतरला, बायकांमधून वाट काढत गेला, आणि टोप, मंगळसूत्र, रंगवलेल्या तोंडानिशी माझ्या आईच्या शेजारी चटईवर मांडी घालून बसला. वर राजा एकटा. तो तरी काय करणार? हात पसरून ओरडला, "राणी, परत ये!" आणि आई खालून म्हणाली, "येवची नाय ती!" गाव रडेपर्यंत हसलं. पुढचं सगळं नाटक राजाने एकट्याने ओढलं आणि राणीने ते प्रेक्षकांत बसून बघितलं. मी आईच्या दुसऱ्या बाजूला होतो. वडिलांच्या अंगाला गंधाचा आणि घामाचा वास येत होता. त्यांनी आईचा हात धरला नाही. नुसते बसून राहिले. असे बसलेले ते मला पहिल्यांदाच दिसले.

"मगे?" म्हातारा बाकाच्या कडेला सरकला होता.

"मग काही नाही."

"परत वर गेला नाही?"

"नाही."

"मी त्याला परत पाठवला असता."

"तो तुमचा बाप नाही," मी म्हटलं. "आता तुमचा काढा."

 त्याने खिशातला नॅपकिन काढून घडी उलगडली, पुन्हा घातली. "पुढच्या वेळी," म्हणाला. "इंशाल्ला."

गिऱ्हाईक इंशाल्ला, म्हणजे देवाने मनात आणलं तर, असं म्हणालं की मी ॲडव्हान्स घेतो. त्या दिवशी घेतला नाही.

पुढची वेळ आली ती बुदैयाला. तिथे एका व्हिलात जुने सिनेमे बघणारी मंडळी जमतात, देशोदेशीची. त्यांनी त्याला बोलायला बोलावलं. मुलीची ड्युटी होती आणि तो गाडी चालवत नाही, म्हणून मी घेऊन गेलो. बायको नवी साडी नेसून आली. होडीतल्या मरणाचा तुकडा पडद्यावर दाखवला, लोकांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. मग कोणीतरी विचारलं, तुम्ही नट कसे झालात?

त्याने नॅपकिनने चष्मा पुसला. "माझे वडील," तो म्हणाला, "गावोगाव फिरणारे नट होते. बायकांची कामं करायचे."

खरं सांगतो, पहिल्यांदा मला गहिवरून आलं. वाटलं, अरे, याचाही बाप तसाच! म्हणून हा त्या दिवशी गप्प बसला. मी बायकोकडे बघितलं. तीही माझ्याकडे बघत होती. मग एक गाव आलं, एक जत्रा आली. एक बाकडं आलं. त्याच्या आईने चुलीपाशी काय म्हटलं ते आलं, जगाचे राजे, घरचे पाहुणे, आणि माझ्या कानात शिट्टी वाजायला लागली. एकेक करत तो माझं सगळं घर बाहेर काढत होता, शालू, पेटी, बायकांचा घोळका, सगळं. कोपऱ्यातल्या एका बाई डोळे पुसत होत्या. शेवटी तो म्हणाला, "आणि माझे वडील तिच्या शेजारी बसले. थोड्या वेळाने त्यांनी तिचा हात धरला, तिला घेऊन ते परत वर गेले, आणि माझी आई राजाच्या बाकावर बसली."

मी उभा राहिलो. खुर्ची मागे पडली. "नो!" मी ओरडलो. "तो परत गेला नव्हता! तो माझा बाप आहे! माझा!"

 आणि मग सगळा हॉल टाळ्यांनी फुटला. आत्ताच त्यांनी ऐकलं होतं की प्रेक्षकांतून कोणी उठतं आणि ओरडतं, 'हे माझं आहे'. त्यांना वाटलं, हा त्यातलाच भाग. लोक माझ्याकडे वळून वळून टाळ्या वाजवत होते. आणि तो हरामखोर, त्याने माझ्या दिशेने हात पसरला, मान झुकवली आणि म्हणाला, "बघा. ती प्रत्येक गावात उठतेच."

मी बोलायला गेलो तर टाळ्या वाढल्या. मी हात हलवला तर हसले. बायको माझी बाही ओढत होती, "बसा ओ. बसा. जितक्या बोलशात, तितक्या त्येचाच भला." बाहेर पडताना एक बाई मला म्हणाल्या, तुमचं काम किती नैसर्गिक वाटलं!

आणि या माणसाला मलाच घरी सोडायचं होतं. बुदैयाच्या रस्त्यावर तो माझ्या शेजारी बसलेला, बायको मागे. इंग्रजीत 'तू' आणि 'तुम्ही' एकच, याचं त्या दिवशी मला फार दुःख झालं.

"चोर आहेस तू," मी म्हटलं.

"तूच सांगितलंस. तुमच्यात चोरी म्हणत नाहीत."

"वाक्य ने. कितीही ने. बाप कसा नेतोस?"

"तुझ्या बापाने तुझ्या आईचं वाक्य नेलं होतं."

"नेलं," मी म्हटलं. "आणि तिने जबाब मागितल्यावर तो खाली उतरला. आज मी उभा राहिलो. तू उतरलास?"

झिंजला त्याच्या घरापाशी आलो तरी तो नॅपकिनची घडीच घालत होता. मागून बायको हलकेच म्हणाली, "पण सांगितल्यान बरा." चोराच्या सांगण्याची तारीफ! मी गाडी इतकी जोरात थांबवली की तिची पर्स खाली पडली. उतरताना म्हातारा दार धरून वाकला. "आज तुझा राग अगदी बरोबर वेळेला आला," म्हणाला. तेव्हापासून तो दुकानात आला नाही, आणि मी बोलावला नाही.

पुढच्या उन्हाळ्यात त्याच्या मुलीचा फोन आला. तिची बदली झाली होती, घर मोडायचं होतं, सामान बघायला या. धंदा म्हणून गेलो. कपाटांचे खण उलटे करता करता मी सहज विचारल्यासारखं विचारलं, "तुमचे आजोबा नाटकात होते ना?"

ती हसली. "आजोबा? दातांचे डॉक्टर होते. बाबा सिनेमात गेले तेव्हा ते पेशंटांना सांगायचे, माझा मुलगा वारला."

हातातला खण तसाच राहिला. वाईट वाटलं का? वाटलं. पण लगेच मनात आलं, हेही त्यानेच लिहून दिलेलं नसेल कशावरून? आणि समजा खरं असलं, तरी घर जळालं म्हणून माणूस शेजारी आसरा मागतो, शेजाऱ्याला बाहेर काढून त्याच्या दारावर आपली पाटी लावत नाही.

"बाबा झोपलेत," ती म्हणाली. मी आत डोकावलो. तीच चामड्याची खुर्ची. मान कललेली, तोंड जरासं उघडं, आणि हात खुर्चीच्या हातावरून खाली मस्त लटकत होता. म्हणजे तेव्हाही खोटं बोलला होता. मी बराच वेळ दारात उभा होतो. छाती वरखाली होत होती. तो जागा होता याबद्दल मला शंका नाही. मी मनात म्हटलं, उठ, एवढा दातांचा डॉक्टर मला दे, आपण फिटंफाट करू. उठला नाही. सगळं सामान मी घेतलं, खुर्ची घेतली नाही.

बापलेक बहारीन सोडून गेले. आता मला त्याची एक मुलाखत सापडली आहे, तिकडच्या कुठल्याशा पोर्टलवर. फोनने भाषांतर करून दिलं, वाकडंतिकडं, पण कळण्यासारखं. इतक्या वर्षांनी त्याने नवीन कथा लिहिली आहे आणि तिचा सिनेमा होतो आहे. फिरत्या नटाच्या मुलाची गोष्ट. "ही माझ्या वडिलांना वाहिलेली," असं तो म्हणतो. फोटोत कोट तोच, नॅपकिन तोच. तो स्वतः त्यात काम करणार आहे, आणि या वेळी मरणार नाही म्हणे.

मी त्याला व्हॉइस मेसेज केला. ऐकल्याची खूण आली. उत्तर आलं मुलीचं: बाबा तुमची फार आठवण काढतात. मी पुन्हा केला. पुन्हा खूण, उत्तर नाही. मी बायकोला म्हटलं, वकील बघतो. ती म्हणाली, "वकिलाक काय सांगशात? बापूस चोरीक गेलो?"

तेच सांगायचं आहे. माझ्या वडिलांचं नाव कुठल्याही कागदावर छापलेलं नाही. जत्रेच्या हँडबिलावर कंपनीचं नाव असायचं, नटांची नसायची. ते गेले तेव्हा पेपरात दोन ओळी आल्या नाहीत, आणि आम्हाला त्याचं काही वाटलं नाही, कारण ज्यांनी बघितलं त्यांना ठाऊक होतं. ती माणसं आता संपत आली. उद्या हा सिनेमा देशोदेशी जाईल, आणि माझ्या आईशेजारी चटईवर बसलेला तो माणूस ग्रीक होऊन जाईल. मग मी कुठल्याही हॉलमध्ये उभा राहिलो तरी लोक टाळ्याच वाजवणार.

म्हणून मी हे लिहितो आहे, आणि ग्रीक भाषेत करून त्याला पाठवणार आहे. वडिलांचं नाव मी यात घातलेलं नाही, मुद्दाम. ते त्याला पाठ आहे. ते त्याने घालायचं आहे, त्याच्या सिनेमात, त्याच्या हाताने, सगळ्यांना वाचता येईल एवढ्या अक्षरांत. सौदा बापाला बाप असा ठरला होता. माझा तुमच्याकडे पोचून किती काळ झाला. पुढची वेळ झाली, इंशाल्लाही झालं. आता बोला मिस्टर: रंगमंचावरून खाली उतरलेला तो माणूस कोणाचा बाप?